पेटीवाल्याचे देणे

माझ्या वडिलांना पु. ल. देशपांडे फारसे ठाऊक नव्हते. त्यांना ठाऊक होते गदिमा. आमचे मूळ गाव आटपाडी तालुक्यात, माडगूळपासून फार लांब नाही. त्यामुळे रेडिओवर निवेदकाने ‘गीत ग. दि. माडगूळकर’ म्हटले की दादा हातातले काम थांबवत आणि आईला सांगत, “आपल्याकडचं हाय बरं का!” पुढे ‘संगीत’ म्हणून जे नाव येई, ते त्यांच्या कानावरून जाई. ७२च्या दुष्काळात खडी फोडून पोट भरेना, तेव्हा दादा पिंपरीला आले. भोसरीत एका फाउंड्रीत लागले आणि नेहरूनगरच्या पत्र्याच्या चाळीत आम्हाला घेऊन आले. सामान म्हणजे दोन ट्रंका, एक जाते आणि तो रेडिओ.

त्या रेडिओवरच मी ‘इंद्रायणी काठी’ पहिल्यांदा ऐकले. भीमसेनजींचा आवाज चाळीच्या पत्र्यालाही जाणवायचा. नदीचे नाव ओळखीचे वाटले, कारण चाळीतले वारकरी कार्तिकीला पायीच आळंदीला जात आणि आषाढी वारीला तुकोबांची पालखी देहूहून निघाली की पहिला मुक्काम आकुर्डीला, म्हणजे आमच्या दारातच. आटपाडीकडच्या मुलाला आपली म्हणावी अशी नदी नव्हती. माणगंगा कोरडी. नवी नदी मिळाली ती या गाण्यातून. शब्द आमच्याकडच्या माणसाचे होते, एवढे दादांनी सांगितले होते. चाल कुणाची, हे कळायला बरीच वर्षे जावी लागली आणि कळले तेही एका टर्नरकडून.

पण त्याआधी टीव्ही आला. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झाले आणि बरोबर वर्षाने सिंहगडावरच्या प्रक्षेपण केंद्रामुळे पुण्याकडे दिसू लागले. आमच्या गल्लीत एका सुपरवायझरच्या घरी लाकडी शटरचा टीव्ही होता. मराठी चित्रपट असला की ते मुलांकडून चार आणे घेत आणि मोठ्यांना फुकट बसवत. मोठ्यांना नाही म्हणणे जमत नसावे. तिथेच मी ‘गुळाचा गणपती’ पाहिला. भोळा, बावळट वाटणारा, लांबट चेहऱ्याचा नायक. हा माणूस कथा-पटकथा लिहितो, दिग्दर्शन करतो, काम करतो आणि गाण्यांना चालीही देतो, हे श्रेयनामावलीत होते. पण चार आणे देऊन बसलेला मुलगा श्रेयनामावली वाचत नाही. १९५३चा तो चित्रपट ‘सबकुछ पु. ल.’ म्हणून ओळखला जातो. दादांच्या बाजूने एक दुरुस्ती मात्र करायला हवी. सबकुछमध्ये गाण्याचे शब्द धरायचे नाहीत, ते गदिमांचे.

पु. ल. देशपांडे या माणसाचे चरित्र इथे सांगत बसत नाही. ८ नोव्हेंबर १९१९चा मुंबईतला जन्म, पार्ल्यातले बालपण, रत्नागिरीच्या सुनीता ठाकूर यांच्याशी १२ जून १९४६ला लग्न आणि त्याच तारखेला, २००० साली, पुण्यात मृत्यू. मधला सगळा हास्याचा भाग मराठी माणसाला पाठ आहे. चितळे मास्तर, अंतू बर्वा, म्हैस. आमच्याकडे कंपनीच्या बसमध्येही कॅसेट लागायची आणि निगडीहून चाकणपर्यंत माणसे तीच वाक्ये आधीच म्हणत जायची. ते ऋण सगळ्यांचे आहे, सामाईक सातबाऱ्यावरचे. माझ्या एकट्याच्या नावावर जे चढले आहे ते तीन ठिकाणचे आहे: पेटी, टीव्ही आणि येरवडा.

औंधच्या आयटीआयमधून टर्नरचा ट्रेड करून मी भोसरी एमआयडीसीत एका कारखान्यात चिकटलो. कंपनीचे भजनी मंडळ होते. एकादशीला सेकंड शिफ्ट सुटली की कँटीनमध्ये टेबले भिंतीला सरकवून सतरंजी पसरायची. पेटीवर बसत ते आमच्याच शॉपमधले एक जुने टर्नर. सगळे त्यांना बुवा म्हणत. उजव्या हाताची करंगळी त्यांनी तरुणपणी एका पॉवर प्रेसमध्ये गमावली होती. या पट्ट्यात अशी बोटे पुष्कळांची गेली आहेत. पहिली ओळख होताना माणसे हात पुढे करतात आणि समोरच्याच्या हातात काय कमी आहे ते कळून येते, इतके ते रोजचे. बुवा चार बोटांनी पेटी वाजवत. डावा हात भात्यावर, उजवा पट्ट्यांवर आणि जिथे करंगळी लागावी तिथे अनामिका झपकन सरकून येई. ऐकणाऱ्याला कळत नसे. जवळ बसले तरच दिसे.

मी त्यांच्या मागे लागलो. पेटी शिकवा म्हणालो. त्यांनी आधी सहा महिने भाता धरायला लावला आणि मग एका रात्री ‘इंद्रायणी काठी’ काढले. काळी एकवर भीमपलास धरला की सा, मध्यम आणि पंचम काळ्या पट्ट्यांवर येतात, कोमल गंधार आणि कोमल निषाद पांढऱ्यांवर. बोटे आपोआप वर-खाली होतात. हात चालतो म्हणजे काय ते तेव्हा कळले. बुवा म्हणाले, “बग, चार बोटं पुरत्यात. ही चाल गाणाऱ्यानं केलेली न्हाय, पेटीवाल्यानं केलेली हाय. गाणारा गळ्याचं बगतो, पेटीवाला पट्टीचं बगतो.” कोण पेटीवाला, असे मी विचारले. बुवांनी भाता सोडला आणि माझ्याकडे पाहून म्हणाले, “पी. एल. देशपांडे. टीव्हीवर दिसत्यात की रं!”

बुवांचे हे मत संगीतशास्त्राला कितपत मान्य होईल ते सांगता येत नाही. भीमसेनजींनी त्या गाण्यात गंधारावर जे काही केले आहे ते पेटीवर येत नाही, येणारही नाही. पट्टीचा स्वर एका जागी ठाम उभा असतो, मींड त्याला जमत नाही. पण चालीचा सांगाडा साधा आहे. एकदा हाताखाली आला की सुटत नाही आणि कडव्यागणिक पुन्हा तिथेच येऊन उतरतो. गवयाने तिच्यावर हवे तेवढे बांधकाम करावे आणि बांधकाम न येणाऱ्याने नुसती चाल म्हणावी, दोघांचेही भागते. भीमसेनजींचे गाणे कँटीनमधल्या वीस बेसूर माणसांनाही म्हणता आले, ते या सांगाड्यामुळे. चाल बांधणाऱ्याच्या डोक्यात मैफलीतला गवई होता, हे उघडच आहे. मला वाटते, मागे बसून झील धरणारेही होते.

पुढे पु.लं.च्या बाकीच्या चाली शोधत गेलो तेव्हा कळले की हा माणूस सुरुवातीला आपल्याला संगीतातलाच समजत असावा. पार्ल्याचा मुलगा पेटी शिकला ती भास्कर संगीतालयात, दत्तोपंत राजोपाध्यांकडे. राजा बढ्यांच्या ‘माझिया माहेरा जा’ला चाल दिली, ती ज्योत्स्ना भोळ्यांनी गायली आणि घरोघर गेली. ‘हसले मनी चांदणे’ माणिक वर्मांचे, चाल पु.लं.ची. ‘देव पावला’मधले ‘कौसल्येचा राम’ही माणिकबाईंचेच, शब्द गदिमांचे, चाल पु.लं.ची. आणि १९५३ या एका वर्षात ‘गुळाचा गणपती’मधला ‘इंद्रायणी काठी’चा भीमपलासही त्यांचा आणि ‘देवबाप्पा’मधले ‘नाच रे मोरा’ही त्यांचेच. पिंपरी-चिंचवडमधल्या एकाही बालवाडीचे गॅदरिंग त्या मोराशिवाय पार पडलेले मी पाहिलेले नाही. पिसारे लावलेली ती मुले, मागे टाळ्यांचा ठेका चुकवणाऱ्या बाई आणि समोर फोटो काढणारे पालक. आशाबाईंचा आवाज सगळ्यांना ओळखू येतो. चाल कुणाची, असे विचारा, दहातले नऊ जण खांदे उडवतील.

मग वर्ष-दोन वर्षांत या गृहस्थाने चित्रपटच सोडून दिला. १९४७च्या ‘कुबेर’पासून ते १९५३पर्यंत सहा-सात वर्षांत अभिनय, संगीत, पटकथा सगळे करून बाहेर पडले ते पडले. त्यानंतर पटकथा-संवाद लिहिले ते थेट १९९२मध्ये, जब्बार पटेलांच्या ‘एक होता विदूषक’साठी. आणि त्याचे संगीत आनंद मोडकांचे. मला याची चुटपुट आहे. त्यांच्या लेखणीने महाराष्ट्राला इतके दिले की तक्रार करणे कृतघ्नपणाचे वाटावे. तरीही म्हणतो, हशा मिळवणारे पु. ल. आणि चाल बांधणारे पु. ल. यांच्यात दुसऱ्यावर अन्याय झाला आणि तो करणाऱ्यांत स्वतः पु. ल.ही होते.

आकाशवाणीत ते १९५५मध्ये गेले तेव्हाची एक गंमत बुवांना फार आवडे. आकाशवाणीने १९४०मध्ये पेटीवर बंदी घातली होती, ती १९७१पर्यंत पुरती उठली नव्हती. म्हणजे पेटीवर जीव असलेला माणूस अशा घरात नोकरीला, जिथे पेटीला उंबरा ओलांडायची मुभा नाही. आमच्या भाषेत, टर्नरला लेथ नसलेल्या शॉपमध्ये बदली. तरी तिथेच ‘बिल्हण’ ही संगीतिका झाली. शब्द मंगेश पाडगावकरांचे, गळा जितेंद्र अभिषेकींचा, चाली पु.लं.च्या. ‘शब्दावाचून कळले सारे’ आणि ‘माझे जीवनगाणे’ या दोन चाली ऐकून बुवा म्हणाले होते, “पेटी काडून घेतली तरी बोटं कुटं जात्यात?” स्वतःच्या हाताकडे बघतच म्हणाले. आम्ही कुणी काही बोललो नाही.

टीव्हीचे ऋण जरा वेगळे आहे. भारतातले दूरदर्शन १५ सप्टेंबर १९५९ला दिल्लीत सुरू झाले, आठवड्यातून दोनदा आणि तेही थोडा थोडा वेळ. सगळेच प्रयोगाच्या पातळीवर. त्या पहिल्यावहिल्या निर्मात्यांत पु. ल. होते. त्यासाठी विलायतेत बीबीसीकडे प्रशिक्षण घेऊन आले होते. ‘अपूर्वाई’ हे पुस्तक त्या प्रवासाचे. पंडित नेहरूंची दूरदर्शनसाठी पहिली मुलाखत घेतली तीही त्यांनीच. म्हणजे ज्या डब्यासमोर आम्ही चार आणे देऊन बसलो, त्याच्या आतल्या बाजूला हा माणूस आमच्या आधी चौदा वर्षे जाऊन आलेला होता.

पुढे मुंबई दूरदर्शनवर ‘वाऱ्यावरची वरात’ दाखवली, तेव्हा माझ्या घरी टीव्ही आला होता. बुवांना मुद्दाम बोलावले. दादा, आई, शेजारची चार घरे. सगळे हसत होते. बुवा हसत नव्हते. ते पु.लं.चे हात बघत होते. रंगमंचावरचा नट सभागृहातल्या शेवटच्या ओळीला दिसावा म्हणून हात मोठे फिरवतो. टीव्हीवर तसे केले तर माणूस वेडा दिसतो. पु. ल. हात जागेवर ठेवत, भुवई हलवत आणि वाक्याच्या शेवटी थांबत. तो थांबा महत्त्वाचा. बुवा म्हणाले, “समेवर यायच्या आदी सोडतो बग गडी.” नंतर मी कुठलाही नट टीव्हीवर पाहिला की नकळत तो थांबा शोधतो. आजच्या मालिकांत तो सापडत नाही. तिथे थांबा आला की ढोल वाजतो आणि तीनदा तोच चेहरा दाखवतात.

हे अभिनयाचे ज्ञान आम्ही कुठे वापरले ते सांगायला हवे. कामगार कल्याण मंडळाची नाट्यस्पर्धा म्हणजे या पट्ट्यातली मोठी गोष्ट. तालमी शिफ्ट सुटल्यावर, पार्किंगच्या शेडखाली. थर्ड शिफ्टवाला नट असला की त्याचा प्रवेश आधी उरकायचा. एका वर्षी आम्ही ‘अंमलदार’ घेतले. मूळ नाटक गोगोलचे, १८३६चे, रशियातले. पु.लं.नी ते आपल्या मातीत आणले. वरून साहेब तपासणीला येणार आहे या बातमीने गावातले सगळे अधिकारी घाबरतात आणि भलत्याच माणसाला साहेब समजून त्याची सरबराई करतात. परवानगीचे पत्र आणि मानधन आधी पुण्याला गेले. सुनीताबाईंचा त्या बाबतीतला काटेकोरपणा सगळ्या हौशी संस्थांना माहीत होता आणि आमचे सेक्रेटरी त्या धास्तीने पावती खिशातच बाळगून फिरत.

तालमीत काही शिकवावे लागले नाही. फॅक्टरी इन्स्पेक्टर येणार म्हटल्यावर काय होते हे आम्ही दर वर्षी बघत होतो. आदल्या दिवशी जमिनीवर पिवळे पट्टे रंगवले जातात. प्रेसला गार्ड लागतात, जे एरवी उत्पादन कमी होते म्हणून काढून ठेवलेले असतात. फर्स्ट-एडच्या पेटीत आयोडीन येते. हेल्मेटे वाटली जातात आणि दुसऱ्या दिवशी मोजून परत घेतली जातात. आमच्यातल्या ज्याने नगराधिकाऱ्याचे काम केले, तो पॅकिंगमध्ये होता. त्याने साहेबापुढे वाकताना आमच्या एका मॅनेजरची मान तंतोतंत उचलली. ते मॅनेजर पहिल्या रांगेत बसले होते आणि सगळ्यांत मोठ्याने हसत होते. बुवा पेटीवर होते, पडद्याआड. प्रेसला गार्ड लावण्याचे वाक्य आम्ही आमच्या पदरचे घालावे, असा आग्रह काहींनी धरला होता. बुवांनी विरोध केला. म्हणाले, ल्हिणाऱ्याच्या वाक्यात आपलं वाक्य घालायचं न्हाय, जे हाय त्येच नीट म्हणा, ज्येला कळायचं त्येला कळंल. आमचा दुसरा नंबर आला. गार्ड पुढच्या वर्षीही तपासणीच्या आदल्या दिवशीच लागले.

आता येरवड्याचे. हे लिहावे की नाही यावर घरात बोलणे झाले. ज्याच्याबद्दल आहे तो म्हणाला, लिही.

माझा धाकटा भाऊ माझ्यामागून याच पट्ट्यात लागला. पाळ्यांचे काम, ओव्हरटाइमचा पैसा, पगाराच्या दिवशी गेटबाहेर थांबलेली मित्रमंडळी. दारू कधी रोजची झाली ते कळले नाही. कंपनीने, तिचे नाव इथे नको, दोन मेमो दिले आणि मग शेवटची नोटीस. भावजय मुलांना घेऊन माहेरी गेली. दादांनी त्याला मारले, आईने नवस बोलले, मी पैसे लपवले. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला आमच्या युनियनच्या एका माणसाने ‘मुक्तांगण’ या व्यसनमुक्ती केंद्राचे नाव सांगितले. येरवड्याला गेलो. तिथे पहिल्यांदा असे झाले की कुणीतरी माझ्या भावाला नालायक न म्हणता आजारी म्हटले. डॉ. अनिता अवचट त्या वेळी होत्या. महिनाभराहून जास्त त्याला तिथे राहायचे होते. तो तसा राहिला. बाहेर आल्यावर एकदा घसरला, पुन्हा गेला, पुन्हा उभा राहिला. आज त्याला नातू आहे आणि भावजय त्याच्या हातात घरखर्चाचे पैसे ठेवते.

ही संस्था १९८६मध्ये सुरू झाली. अनिल अवचटांनी गर्दच्या व्यसनात अडकलेल्या मुलांवर लिहिले होते. ते पु. ल. आणि सुनीताबाईंनी वाचले. आपल्या प्रतिष्ठानातून एक लाख रुपये देऊ केले आणि त्यावर ‘मुक्तांगण’ उभे राहिले. अवचटांच्या ‘मुक्तांगणची गोष्ट’मध्ये हे मी वाचले तेव्हा भाऊ समोर बसून चहा पीत होता. मी त्याला सांगितले. त्याला बसमधली कॅसेट आठवली. म्हणाला, “म्हणजे आपण हसलो त्याचे पैसे तिकडे गेले?” हिशेब इतका सरळ नसेल. पण पुस्तकांचे मानधन आणि प्रयोगांचे उत्पन्न यांतूनच ते प्रतिष्ठान चालले. तेव्हा त्याचे म्हणणे अगदीच चुकीचे नव्हते.

देणगी देणारे पुष्कळ असतात. या जोडप्याचे वेगळेपण मला एकाच गोष्टीत दिसते: वाचलेल्या लेखावर चुकचुकून दुसऱ्या कामाला लागणे त्यांना जमले नाही. आम्ही या पट्ट्यात राहून रोज ते डोळ्यांनी बघत होतो. गेटबाहेरच्या गुत्त्यासमोर कुणाचा भाऊ, कुणाचा बाप पडलेला असे आणि आम्ही सायकल वळवून पुढे जात होतो. भांडारकर रस्त्यावरच्या घरात बसून त्यांना जे दिसले, ते आम्हाला दिसत असूनही सुचले नाही.

पु.लं.ना मी कधी भेटलो नाही. भेटायचा प्रयत्नही केला नाही. त्यांच्या दारात जाऊन काय बोलायचे, असा प्रश्न पडे. बुवा मात्र एकदा बालगंधर्व रंगमंदिरात त्यांच्या एका कार्यक्रमाला जाऊन आले होते. जवळ जाऊन बोललात का, असे विचारले तर म्हणाले, “पेटी चांगली लावलीवती.” एवढेच.

बुवा आता नाहीत. पेटी मंडळाकडे आहे, मी वाजवतो. कारखाना भोसरीतून उठून चाकणला गेला. जिथे एके काळी कांद्याचा बाजार आणि संग्रामदुर्ग एवढीच ओळख होती तिथे आता जगभरच्या गाड्या बनतात. नव्या मुलांना भजनात रस कमी. तरी कार्तिकीला आम्ही पाच-सहा जण पेटी, मृदंग आणि टाळ घेऊन आळंदीला जातोच. नदीकडे बघवत नाही. कुरवंड्याहून लोणावळ्याच्या डोंगरात निघून, देहूवरून, मोशी-चिखलीवरून आळंदीला येणारे ते पाणी यात्रेच्या तोंडावर फेसाने पांढरे झालेले असते, कंबरेइतका फेस. वारकरी तो हाताने बाजूला सारतात आणि बुडी मारतात. तो फेस वरच्या वस्त्यांच्या सांडपाण्याचा आहे आणि आमच्या पट्ट्यातल्या कारखान्यांचाही आहे. प्लेटिंगच्या टाक्या धुतलेले पाणी कुठल्या नाल्याने जाते हे शॉपमधल्या पोरालाही माहीत असते. ज्या गाण्याने मला ही नदी दिली, ते गाणे तिच्या काठावर भोंग्यावरून वाजत असते आणि खाली हे.

भोंग्यावरचे ते गाणे अनेकांना ज्ञानोबांचा किंवा तुकोबांचा अभंग वाटतो. घाटावर मी कितीतरी जणांना तसे सांगताना ऐकले आहे. गदिमांच्या दृष्टीने यापेक्षा मोठे प्रशस्तिपत्र नसेल आणि प्राधिकरणात त्यांच्या नावाचे नाट्यगृहही आता उभे आहे. भीमसेनजींचे नाव तर गाण्याआधीच घेतले जाते, घ्यायलाच हवे. राहतो तो पेटीवाला. २०२४च्या जानेवारीत शंभरावे नाट्यसंमेलन पिंपरी-चिंचवडला भरले. अध्यक्ष जब्बार पटेल. पु.लं.चा ‘तीन पैशाचा तमाशा’ १९७८मध्ये बसवला तो त्यांनीच. मंडपात लोकांची बोलणी कानावर पडत होती. पु.लं.च्या विनोदाची आठवण पुष्कळांनी काढली. चालींची एकानेही काढली नाही.

म्हणून या पट्ट्यातल्या भजनी मंडळांना, शाळांना, कंपन्यांच्या वार्षिक कार्यक्रमांतल्या निवेदकांना एक विनंती आहे. आळंदीत यात्रेच्या मांडवात माइक धरणाऱ्यांनाही आहे. ‘इंद्रायणी काठी’ लावताना किंवा गाताना तीन नावे घ्या: शब्द ग. दि. माडगूळकर, स्वर भीमसेन जोशी, संगीत पु. ल. देशपांडे. आणि बालवाडीच्या बाईंनी मोर नाचवण्याआधी तेच करावे. तिथे गायिका आशा भोसले, बाकी दोघे तेच.